पुएब्लाची न्याहारी
(मंडळाच्या वर्धापनदिनी झालेले भाषण)



"मेक्सिकोत काय पाहिलेत ते चार शब्दांत सांगा," असे आपल्या चिटणीसबाईंनी फर्मावले आणि मी होकार देऊन बसले. घरी आल्यावर विचार करू लागले तेव्हा ध्यानात आले की, पाहिले पुष्कळ, पण चर्चे, राजवाडे आणि पुतळे यांची वर्णने तुम्हांला कुठेही वाचायला मिळतील. म्हणून आज मी तुम्हांला एकाच सकाळची हकीकत सांगणार आहे. आठ वाजल्यापासून बारा वाजेपर्यंतची. आणि तीही खाण्याची!

माझा मुलगा नोकरीनिमित्त पुएब्ला नावाच्या शहरात राहतो. राजधानीपासून मोटारीने दोन-अडीच तासांचा रस्ता. शहर आपल्या महाबळेश्वराहूनही बरेच उंचावर, त्यामुळे ऑक्टोबरअखेर सकाळी शाल घेतल्यावाचून बाहेर पडवत नाही. स्पॅनिश लोकांनी १५३१ साली हे गाव वसवले. रस्ते पट्टीने आखल्यासारखे सरळ, घरांच्या भिंतींना निळ्या-पांढऱ्या चिनी मातीच्या फरशा, आणि पश्चिमेला पोपोकातेपेत्ल हा ज्वालामुखी, कधीमधी धुराचे भपकारे सोडणारा. पहिल्या दिवशी मी धसकले होते. पण शेजारची बाई त्याच्यासमोरच निवांतपणे कपडे वाळत घालीत होती, ते पाहून मीही सोडून दिले.

एके रात्री मुलगा म्हणाला, "आई, उद्या तुझ्यासाठी आणि हिच्यासाठी एक फेरी ठरवली आहे. वाटाड्या बरोबर असतो. चालत चालत जुने शहर पाहायचे आणि ठिकठिकाणी थांबून न्याहारी करायची." मी म्हटले, "अरे, न्याहारी करायला वाटाड्या कशाला? आणि मी पडले शाकाहारी. लोक खातील आणि मी बघत बसू?" पण पैसे भरून झाले होते. पैसे भरले म्हटल्यावर आपला विरोध किती टिकतो, ते तुम्ही जाणताच!

मोठ्या चौकातल्या कमानींखाली आम्ही सहाजणी-सहाजण जमलो. वाटाड्या म्हणजे तेवीस-चोवीस वर्षांची एक तरतरीत मुलगी होती, इंग्रजी उत्तम बोलणारी. समोर कॅथीड्रल. त्याचे काम १५७५ साली सुरू झाले आणि १६४९ साली बिशप पालाफॉक्स यांनी त्याचे पावित्र्यविधी केले, हे तिने सांगितले. याच बिशपांनी १६४६ साली आपली पाच हजार पुस्तके देऊन ग्रंथालय काढले, ते आजही आहे. हे सारे ऐकले, माना वर करून मनोरे पाहिले आणि पोटात कावळे ओरडू लागले.

पहिला मुक्काम रस्त्याच्या कोपऱ्यावर. एक पन्नाशीची बाई, अंगावर चौकड्यांचा एप्रन आणि पुढ्यात भलेमोठे पातेले. झाकण उचलले आणि वाफेचा लोट आला. भगिनींनो, ते पातेले म्हणजे थेट आपले मोदकपात्र! खाली पाणी, वर जाळी, आणि जाळीवर मक्याच्या कणसांच्या सालींत गुंडाळलेल्या पुरचुंड्या उभ्या रचलेल्या. त्यांना तमाल म्हणतात. आपल्या तमालपत्राशी त्याचा काही संबंध नाही. नाते लावायचेच तर ते हळदीच्या पानातल्या पातोळ्यांशी लागेल. आत मक्याच्या पिठाचा गोळा आणि त्याच्या पोटात मिरचीची भाजी, चीज, कोंबडी किंवा नुसता गोडवा.

वाटाड्या मुलीने पुरचुंडी उलगडून दाखवली आणि म्हणाली, "हा मासा." मी दोन पावले मागे सरले. ती पुन्हा म्हणते, "मासा, मासा!" सूनबाई हसून हसून बेजार. तिकडे मक्याच्या भिजल्या पिठाला 'मासा' म्हणतात, हे मला तेव्हा कळले.

मग मी विचारले, यात मांस नाही असा कोणता? मुलगी म्हणाली, गोड तमाल घ्या. पण पातेल्यामागच्या बाईने माझ्याकडे पाहिले, मी काय विचारते आहे ते तिला समजले असावे, आणि तिने आपणहून सांगितले की पीठ हलके होण्यासाठी सगळ्यांतच डुकराची चरबी फेटलेली असते, गोडातही. सांगितले नसते तर मी खाल्ले असते, आणि तिचा एक तमाल खपला असता. तिने सांगितले. त्या जागी तिने मला आतोलेचा पेला भरून दिला. आतोले म्हणजे मक्याची पातळ गोड पेज, दालचिनी घातलेली. आपल्या नाचणीच्या आंबिलीची सख्खी बहीण. थंडीत दोन्ही तळव्यांत तो पेला धरला आणि माझा सकाळपासूनचा राग गेला.

बाई रात्री किती वाजता उठतात, असे मी मुलीकडून विचारवले. उत्तर आले, तीन वाजता. पण काम आदल्या दिवशीच सुरू होते, आणि ते समजून घेतल्याशिवाय त्या देशाचे खाणे समजत नाही, म्हणून जरा विस्ताराने सांगते.

वाळलेला मका पाण्यात घालायचा, त्यात चुना टाकायचा आणि उकळायचा. चुना, बरे का, पानाला लावतो तोच! मग रात्रभर तसाच ठेवायचा. सकाळी साले सुटून येतात, दाणा फुगतो. खळखळून धुवायचा आणि ओलाच वाटायचा. चुन्यावाचून वाटलेल्या मक्याच्या पिठाला चिकटपणा येत नाही, भाकरी थापताना फाटते, हे आपल्याला ठाऊक आहे. पण खरी गंमत पुढेच आहे. मक्यात एक जीवनसत्त्व असते, नायसिन. ते दाण्यात असे जखडलेले असते की नुसता मका खाऊन अंगी लागत नाही. चुन्याने ते मोकळे होते. स्पॅनिश लोकांनी मका युरोपात नेला, पण चुन्याची रीत नेली नाही. परिणाम असा झाला की, इटलीत आणि पुढे अमेरिकेच्या दक्षिण भागात मक्यावरच जगणाऱ्या गोरगरिबांत पेलाग्रा नावाचा रोग पसरला. कातडी सोलवटते, भ्रम होतो, माणूस दगावतो. कारण सापडायला विसावे शतक उजाडले. आपल्याकडेही डॉ. गोपालन यांनी १९६० च्या सुमारास हैदराबादेस केवळ ज्वारीवर राहणाऱ्यांत हा रोग अभ्यासला होता. आणि मेक्सिकोतल्या निरक्षर बायका हजारो वर्षे चुना घालीत आल्या! याच पुएब्ला प्रांतात तेवाकान खोऱ्यातल्या गुहांत पाच हजार वर्षांपूर्वीची बोटभर लांबीची मक्याची कणसे सापडली आहेत. मक्यात चुना घालायचे पहिल्यांदा ज्या बाईला सुचले, तिचा पुतळा मला त्या शहरात कुठे दिसला नाही.

वाटण्याचा दगडही मी पाहिला. त्याला मेताते म्हणतात. आपलाच पाटा, फक्त तीन पायांचा आणि उतरता. गुडघ्यांवर बसून वाटायचे. घरातल्या माणसांना पुरेल एवढे पीठ वाटायला रोजचे चार-पाच तास जात. यंत्राच्या गिरण्या आल्यावर बायकांची सुटका झाली, पण ती सहज झाली नाही. १९३४ ते १९४० या काळात कार्देनास अध्यक्ष असताना खेडोपाडी बायकांनी आपापले संघ काढले आणि गावाला सहकारी गिरणी मिळावी म्हणून सरकारदरबारी अर्ज-विनंत्या केल्या. कित्येक ठिकाणी पुरुषांचा विरोध होता. मताचा हक्क तर त्यांना सबंध देशात १९५३ साली मिळाला. आधी गिरणी, मग मत! महिला मंडळात हे सांगताना मला विशेष बरे वाटते.

तिथून आम्ही एल कारमेन बाजारात गेलो. बाजारात शिरताच झेंडूच्या फुलांचे ढीग. दसऱ्याचा वास आला म्हणाना! नोव्हेंबरच्या पहिल्या दोन दिवशी ते लोक आपल्या मृतांसाठी घरात फुलांची मांडणी करून त्यांच्या आवडीचे पदार्थ ठेवतात, आणि हा झेंडू मूळचा तिथलाच. आपल्याकडे पाहुणा म्हणून आला आणि तोरणात जाऊन बसला.

या बाजारात सेमिता खातात. तिळाचा भला गोल पाव, त्यात चीजचे धागे, एवोकाडो, धुरी दिलेली मिरची आणि पापालो नावाचा उग्र पाला. इतरांच्या पावात मांसाचे तळलेले काप होते, माझ्यातले वगळले. खरे सांगायचे तर पापालो मला सोसला नाही. पण पलीकडच्या गाळ्यावर एक म्हातारी तव्यावर मक्याच्या भाकऱ्या टाकीत होती. त्या तोर्तिया. टम्म फुगलेली तोर्तिया तिने उचलली, वर मिठाचे चार खडे घातले, गुंडाळी केली आणि माझ्या हातात दिली. आईने चुलीपाशी बसवून दिलेली पहिली भाकरी आठवली. त्या सकाळी मी खाल्लेल्यांत तिच्या तोडीचे दुसरे काही नव्हते.

मग सांता रोसाच्या मठातले स्वयंपाकघर. मठाचे आता संग्रहालय झाले आहे. भिंतीच काय, छतसुद्धा रंगीत फरशांनी मढवलेले. इथल्या जोगिणींनी 'मोले' हा प्रसिद्ध रस्सा पहिल्यांदा केला, असे सांगतात. सुक्या मिरच्या, तीळ, बदाम, शेंगदाणे, मनुका, लवंग, दालचिनी आणि शेवटी चॉकलेट! गोष्ट गोड आहे, पण मला ती पूर्ण पटली नाही. मोले हा शब्दच मुळी त्या मुलखातल्या जुन्या नावात्ल भाषेतला. रस्से तिथे स्पॅनिश येण्याच्या आधीपासून होत होते. मठातल्या पाट्यावर वाटायला कोण बसत असेल, हेही आपण ओळखू शकतो. मिरची त्यांची, पोर्तुगीजांनी ती गोव्यास आणली आणि आपली झाली. लवंग-दालचिनी आपल्या बाजूच्या समुद्रांतली, ती त्यांची झाली.

पण जहाजांतून मसालेच गेले असे नाही. मठातून परत चौकाच्या बाजूला आलो, तेव्हा वाटाड्या मुलीने येशूसंघाच्या मोठ्या चर्चपाशी उभे केले आणि मला म्हणाली, "सेन्योरा, इथे तुमच्या देशातली एक स्त्री पुरलेली आहे." माझ्या अंगावर काटा आला. तिचे नाव मिर्रा. सतराव्या शतकाच्या आरंभी हिंदुस्थानच्या किनाऱ्यावरून तिला लहानपणी पोर्तुगीज चाच्यांनी पळवले. कोचीनला बाप्तिस्मा देऊन नाव ठेवले कातारिना दे सान ह्वान. मग मनिलाच्या बाजारात विकली, तिथून प्रशांत महासागर ओलांडून आकापुल्कोला आणली, आणि पुएब्लाच्या एका कॅप्टनने तिला विकत घेतले. घरकामासाठी. पुढे ती मुक्त झाली आणि साध्वी म्हणून तिची ख्याती झाली. १६८८ च्या जानेवारीत ती वारली. तिच्या पाद्र्याने तिचे तीन खंडी चरित्र लिहिले, त्यावर धर्मपीठाने बंदी घातली. पूर्वेकडून आलेल्या सगळ्यांनाच तिथे 'चिना' म्हणत, म्हणून ती 'चिना पोब्लाना'. त्याच नावाचा एक झगझगीत घागरा-पोलका आज मेक्सिकोचा राष्ट्रीय पोशाख मानतात आणि तो तिने आणला असे सांगतात. पण तो पोशाख एकोणिसाव्या शतकातला आहे, आणि ही बाई तर जाडेभरडे नेसणारी होती. तिने आईच्या हातचे काय खाल्ले असेल आणि त्यातले काय आठवत असेल, हेच माझ्या मनात येत राहिले. मी तिथे पाच मिनिटे उभी राहिले. बाकीचे कॉफीसाठी पुढे गेले.

कॉफी घेताना मी त्या मुलीला एक प्रश्न विचारला, त्याबद्दल सूनबाई माझ्यावर अजून रागावलेली आहे. आम्ही एकेकाने जे पैसे भरले, त्यात त्या तमालवालीचे पन्नासेक तमाल आले असते. मी विचारले, "त्यांतले तिला किती मिळतात?" मुलगी लाल झाली, पण खोटे बोलली नाही. म्हणाली, "जेवढे तमाल तुम्ही खाल्लेत तेवढ्यांचे. ती तीन वाजता उठते ते दाखवायचे मात्र कंपनी पैसे घेते. मलाही माणशी थोडेच मिळतात." सूनबाईने मला टेबलाखालून पाय मारला. मी गप्प बसले.

गप्प बसले, कारण मला आपला मागचा वर्धापनदिन आठवला. पुरणपोळ्या ज्यांच्याकडून मागवल्या, त्या बाईंकडून डझनामागे वीस रुपये कमी करून घेतले होते, आणि ती घासाघीस करणारी मीच होते. तुम्ही टाळ्याही वाजवल्या होत्या. या वर्षी कार्यकारिणीत मी पूर्ण दराचा ठराव मांडला, तो एका मताने मंजूर झाला, म्हणून आज जेवणाची वर्गणी थोडी वाढली आहे. कुरकूर माझ्याकडे करावी.

आता राहिले एकच. पुष्कळजणींनी कृती मागितली आहे. एक किलो वाळलेला मका घ्यावा, ताजा गोड मका चालत नाही. तीन लिटर पाण्यात दहा ग्रॅम खाण्याचा चुना कालवून त्यात तो अर्धा-पाऊण तास उकळावा, झाकून रात्रभर ठेवावा, सकाळी चोळून चार पाण्यांनी धुवावा. ॲल्युमिनियमचे भांडे घेऊ नये, स्टीलचे घ्यावे. मग ओलाच वाटावा, पाणी बेताने. माझ्या मिक्सरने दोनदा हात टेकले, तिसऱ्यांदा मी माळ्यावरचा पाटा खाली काढला. तोर्तिया फुगल्या नाहीत, पण फाटल्याही नाहीत. मागच्या टेबलावर टोपलीत झाकून ठेवल्या आहेत, मीठ शेजारी आहे.