सवाई संतती आणि घरचे बी



'खाण तशी माती' ही म्हण मराठी मुलुखात जितकी रुळलेली आहे, तितकीच 'बाप से बेटा सवाई' हीदेखील. या दोन्ही म्हणी एकाच वेळी खऱ्या कशा ठरतात, हा प्रश्न शिक्रापूरच्या परिसरात थेट शेतकऱ्याच्या पदराला झळ लावणारा आहे. शिरूर तालुक्यात पावसाच्या भरवशावर बाजरी घेतली जाते, तर चासकमान व घोड प्रकल्पांच्या कालव्यांखाली आणि पलीकडे दौंडच्या बागायत पट्ट्यात ऊस उभा असतो. दोन्ही पिकांना संकराने मोठा हात दिला आहे. परंतु उसाचे घरचे बेणे लावणारा सहसा फसत नाही आणि संकरित बाजरीचे घरचे बी पेरणारा हमखास फसतो.

उंच आणि ठेंगणे यांची संतती मध्यम निपजावी, ही सर्वसाधारण अपेक्षा असते व पुष्कळदा तसे घडतेही. मात्र उंची, उतारा, साखरेचे प्रमाण यांसारखे गुण अनेक जनुकांच्या बेरजेतून साकारतात. समजा, एका शुद्ध वाणाजवळ पाचपैकी तीन अनुकूल जनुके आहेत आणि दुसऱ्याजवळ नेमकी उरलेली दोन. दोन्ही वाण दिसावयास सामान्यच. त्यांच्या संकराच्या दुसऱ्या पिढीत एखाद्या रोपात पाचही अनुकूल जनुके एकत्र येतात आणि ते रोप आईबापांना मागे टाकते. जनुके परस्परांपासून स्वतंत्रपणे उतरत असतील, तर ती सर्व शुद्ध रूपात एकवटण्याचा संभव 1024 रोपांत एक एवढाच असतो. पाचही प्रतिकूल जनुके एकवटण्याचा संभवही तितकाच! सवाईबरोबर पाऊणही जन्माला येते. म्हण तेवढी त्याविषयी मौन बाळगते.

निसर्गही हा खेळ खेळतो. अमेरिकेतील दोन रानटी सूर्यफुलांच्या संकरातून ज्या नव्या जाती उपजल्या, त्यांतील एक वाळूच्या टेकड्यांवर व एक खाऱ्या पाणथळीत वाढते. अशा जागी आईबापांपैकी एकाचाही निभाव लागत नाही.

आता ऊस. कोईमतूर येथे 1912 साली ऊस पैदास केंद्र सुरू झाले. तेथे बार्बर आणि वेंकटरामन यांनी गोड, जाड उसाचा संकर संस्कृत साहित्यातील 'काश' या रानगवताशी घडवून आणला. गवतात साखर नाममात्र, पण काटकपणा विलक्षण. त्यातून उत्पन्न झालेला को 205 हा वाण 1918 साली लागवडीसाठी देण्यात आला. पुढील संकरांची परंपरा आपल्या शिवारापर्यंत पोहोचते. महाराष्ट्रात दीर्घकाळ मोठ्या क्षेत्रावर असलेला को 86032 हा को 62198 व कोसी 671 यांच्या संकरातून निवडलेला वाण होय. पाडेगावच्या ऊस संशोधन केंद्रामार्फत तो 'नीरा' या नावाने शेतकऱ्यांपुढे आला. तुऱ्यातील बारीक बियांपासून असंख्य रोपे वाढवावी लागतात, त्यांतील बहुतेक टाकून द्यावी लागतात आणि हे काम वर्षानुवर्षे चालते. परंतु एकदा मनाजोगे रोप हाती लागले की काम फत्ते. उसाची लागवड टिपरीने होते आणि टिपरी म्हणजे त्याच रोपाचा तुकडा. जनुकांची नव्याने वाटणी होत नाही, त्यामुळे सवाईपण पिढ्यान्‌पिढ्या टिकते.

बाजरीचे तसे नाही. देशातील पहिला संकरित बाजरी वाण एचबी 1 हा 1965 साली लुधियाना येथून प्रसृत झाला. त्याचे मादी वाण अमेरिकेतील टिफ्ट 23ए. अशा संकराच्या पहिल्या पिढीत सर्व रोपे सारखी आणि जोमदार असतात. या जोमाला शास्त्रज्ञ संकरज ओज म्हणतात. त्याच पिकातील टपोरी कणसे निवडून, कणगीत जपून पुढच्या मृगात पेरली की जनुकांची फेरवाटणी होते. मग एक ताट उंच, दुसरे खुजे. कोठे कणीस लवकर, कोठे उशिरा. काही कणसांत परागच तयार होत नाही. एखादे ताट सवाई निघते खरे, पण शेताचा उतारा एका ताटाने भरत नाही. शिवाय संकरातून दोषही उतरतात. टिफ्ट 23ए केवडा रोगाला बळी पडणारे होते आणि 1970 च्या दशकाच्या आरंभी त्यावर आधारलेल्या संकरित बाजरीची या रोगाने मोठी हानी केली.

म्हणून बियाण्याच्या पिशवीवर 'संकरित' लिहिले आहे की 'सुधारित', हे प्रथम पाहावे. धनशक्ती हा लोहयुक्त बाजरीचा सुधारित वाण आहे. इतर बाजरीपासून अंतर राखून त्याचे बी घेतल्यास ते दोन-तीन हंगाम वापरता येते. संकरित बी दरवर्षी नवे घ्यावे लागते. तो खर्च धरूनच हंगामाचा हिशोब मांडावा. शाळेच्या आवारात पिशवीतील संकरित बियाची एक ओळ आणि त्याच पिकातून राखलेल्या बियाची दुसरी ओळ शेजारी शेजारी पेरली, तर आनुवंशिकतेचा धडा फळ्यावर समजावण्याचे श्रम पुष्कळ वाचतील.

उसाच्या घरच्या बेण्याबाबत मात्र एक पथ्य आहे. टिपरीतून गुण जसेच्या तसे जातात, तसे गवताळ वाढ व काणी यांसारखे रोगही जातात. यासाठी बेणेमळ्यातील निरोगी बेणे आणून साधारण तीन वर्षांनी बेणेबदल करावा.