पुलावरचा हिशेब

पुल-ए-सिरातबद्दल आपण सगळ्यांनी लहानपणीच ऐकलं आहे. केसाहून बारीक, तलवारीहून धारदार. कुणी तो विजेसारखा क्षणात ओलांडतो, कुणी रांगत. पारशी परंपरेतला चिन्वत पूलही सज्जनासाठी रुंद होतो, दुर्जनासाठी अरुंद. म्हणजे पूल एकच. त्याची रुंदी आणि लागणारा वेळ चालणाऱ्याच्या वागण्यावर ठरतो. ‘सिरात’चा मूळ अर्थच रस्ता. बुखारींच्या हदीस-संग्रहात तर आगीतून सुटलेल्यांनाही पुढे एका पुलावर थांबवलं जातं. आधी एकमेकांवर केलेल्या अन्यायाचा हिशेब, मग जन्नत! बहिणीचा वाटा, बायकोच्या मेहरची रक्कम, मजुराची थकलेली मजुरी ही देणी त्या पुलापर्यंत कशाला लांबवायची? आजच फेडू या.