सामाईकाची राखण

(नेर येथील कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या भाषणाचा संक्षिप्त पाठ)



कापूस, कर्ज आणि रोजगार हमी या विषयांच्या रांगेत संगणकातील फायलींचा विषय कसा आला, असा प्रश्न आपल्यापैकी अनेकांच्या मनात असेल. उत्पादनाची साधने कोणाच्या मालकीची असावीत, हा आपल्या चळवळीचा मूळ प्रश्न आहे. आज सातबारापासून बँकेच्या खात्यापर्यंतचा व्यवहार संगणकावर चालतो; तेव्हा त्या साधनांच्या मालकीचा विचार आपल्याला टाळता येणार नाही. शिवाय या क्षेत्रात सामाईक मालकीचा एक प्रचंड प्रयोग चार दशके चालू आहे. त्याच्या यशातून आणि त्याच्या दुखण्यातूनही आपण शिकले पाहिजे.

प्रथम वस्तू समजून घेऊ. संगणकाच्या पडद्यावरील चित्रे आणि बटणे यांच्याआड एक जुना, साधा मार्ग असतो. कळफलकावर हुकूम टंकायचा आणि यंत्राने तो पाळायचा. यादी अकारविल्हे लावणारे ‘सॉर्ट’, मजकुरातून शब्द शोधणारे ‘ग्रेप’, फाइल आवळून लहान करणारे ‘एक्सझेड’ अशी शेकडो लहान साधने या मार्गाने चालतात, आणि मोठमोठ्या सर्व्हरांचा कारभार त्यांच्यावरच उभा असतो. फाइल उघडणे, स्मृतीत जागा मागणे, अक्षरांचा क्रम ठरवणे ही कामे यांपैकी बहुतेकांना लागतात. ती प्रत्येक साधनात पुनःपुन्हा लिहिण्याऐवजी वेगळ्या फायलींत एकदाच लिहून ठेवतात. या फायलींना ‘शेअर्ड लायब्ररी’ म्हणतात.

नेरच्या शेतकऱ्याला हे तत्त्व नवे नाही. कापूस वेचून झाला की सरकी काढण्याचे यंत्र कोणी आपल्या ओसरीवर बसवीत नाही. साऱ्यांचा कापूस एका जिनिंगमध्ये जातो. तसेच साधन सुरू होताच ते लायब्ररीशी जोडले जाते, आणि शंभर साधने एकाच वेळी चालू असली तरी स्मृतीत लायब्ररीची मूळ प्रत बहुधा एकच असते. जागा वाचते, आणि एका ठिकाणी केलेली दुरुस्ती सर्वांच्या उपयोगी पडते. मात्र जिनिंगचे यंत्र बिघडले की साऱ्यांच्याच गाड्या अडतात, हेही विसरता कामा नये.

या सामाईक साधनांमागे एक विचार आहे. १९८३ साली अमेरिकेत रिचर्ड स्टॉलमन यांनी ‘ग्नू’ प्रकल्पाची घोषणा केली. कार्यक्रमाची मूळ संहिता वाचण्याचा, बदलण्याचा आणि वाटण्याचा अधिकार प्रत्येकाला असावा, ही त्यांची भूमिका होती. १९८९ साली तिला परवान्याचे कायदेशीर रूप आले. १९९१ साली लायब्ररींसाठी स्वतंत्र परवाना निघाला: खाजगी कंपनीने आपल्या बंद कार्यक्रमात लायब्ररी खुशाल वापरावी, परंतु सुधारलेली लायब्ररी इतरांना देताना तिची संहिताही खुली ठेवावी. त्याच वर्षी फिनलंडमध्ये लिनस टोरवाल्ड्स या विद्यार्थ्याने ‘लिनक्स’ची सुरुवात केली. या सामाईक भांडारातील ‘जी-लिब-सी’ या लायब्ररीबरोबर येणाऱ्या फायलींत मराठीसाठी स्वतंत्र फाइल आहे. महिन्यांची आणि वारांची मराठी नावे साधनांना तेथून मिळतात. बाजाराने मागणी केली म्हणून नव्हे, तर दार उघडे होते म्हणून मराठीला तेथे जागा मिळाली.

आता दुखण्याकडे वळू. ‘एक्सझेड’ हे साधन ‘लिबएलझेडएमए’ नावाच्या लायब्ररीवर चालते. तिची राखण फिनलंडमधील लासे कोलिन हे गृहस्थ अनेक वर्षे जवळजवळ एकट्याने करीत होते. आपली प्रकृती ठीक नसते आणि हे काम बिनपगारी आहे, असे त्यांनी २०२२ साली उघडपणे कळवले होते. याच सुमारास काही अनोळखी नावांनी त्यांच्यामागे कामाच्या दिरंगाईबद्दल तगादा लावला. आणि ‘जिया टॅन’ या नावाने वावरणारी व्यक्ती मदतनीस म्हणून पुढे येत विश्वासाच्या जागी पोहोचली. २०२४ च्या आरंभी निघालेल्या ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्यांत याच नावाने एक चोरदरवाजा बसवण्यात आला. दूरच्या संगणकाशी सुरक्षित जोडणी करून देणारा ‘एसएसएच’चा कार्यक्रम काही लिनक्स प्रणालींत आडमार्गाने याच लायब्ररीशी जोडला जाई. चोरदरवाजा सर्वत्र पसरला असता तर असंख्य सर्व्हर परक्यांच्या हाती गेले असते. जोडणीला सुमारे अर्धा सेकंद अधिक लागतो, एवढ्या खुणेवरून आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्याने मूळ शोधले आणि २९ मार्च २०२४ रोजी ते जाहीर केले. तोवर त्या आवृत्त्या मुख्यतः चाचणीच्या प्रणालींतच पोहोचल्या होत्या.

यावर बंद कुलपाचे कैवारी म्हणतील की उघड्या घरातच चोर शिरतो. पण संहिता उघडी होती म्हणूनच एका बाहेरच्या माणसाला चोरीचा माग काढता आला. तथापि, उघडेपणा पुरेसा असतो असेही नाही. ‘ओपनएसएसएल’ या लायब्ररीत २०१२ साली शिरलेला ‘हार्टब्लीड’ हा दोष एप्रिल २०१४ पर्यंत जगापुढे आला नाही. इंटरनेटवरील गुप्त व्यवहाराचा मोठा भाग तिच्यावर चालत होता आणि तिला पूर्ण वेळ देणारी माणसे बोटावर मोजण्याइतकीही नव्हती. सर्वांना वाचण्याची मुभा होती, पण वाचण्याचे काम कोणाचेच नव्हते. कोट्यवधींचा नफा मिळवणाऱ्या कंपन्या या फुकटच्या श्रमावर उभ्या होत्या. श्रम सामाईक आणि नफा खाजगी, हे शोषणाचे रूप आपल्या परिचयाचे आहे.

विदर्भाला हा धडा आणखी जवळचा आहे. १९७२ साली सुरू झालेली कापूस एकाधिकार खरेदी योजना पुढे मोडीत निघाली आणि अनेक सहकारी जिनिंग-प्रेसिंग संस्था बंद पडल्या. खाजगी व्यापाराचे दडपण होतेच. परंतु संस्था सभासदांच्या आणि यंत्राला तेल घालणे, हिशेब पाहणे मात्र दुसऱ्या कोणाचे, ही वृत्तीही तितकीच घातक ठरली. सामाईक मालकी जाहीर करता येते. सामाईक राखण मात्र रोज करावी लागते, आणि तिला माणूस, वेळ व वेतन लागते.

म्हणून आपल्या मागण्या स्पष्ट असाव्यात. केंद्र सरकारने २०१५ साली सरकारी कामात मुक्त संहितेची साधने स्वीकारण्याचे धोरण जाहीर केले. राज्याने आणि नगरपरिषदांनी ते कागदावरून व्यवहारात आणावे. जनतेच्या पैशाने लिहिलेली संहिता जनतेला वाचता यावी. जर्मनीने २०२२ साली अशा मूलभूत साधनांच्या देखभालीसाठी सार्वजनिक निधी उभारला. आपल्याकडेही राखणदारांना मानधन नव्हे, वेतन मिळावे. यवतमाळ जिल्ह्यातील महाविद्यालयांत केवळ बटणे दाबण्याचे शिक्षण न देता ही साधने उघडून पाहण्याचे आणि दुरुस्त करण्याचे शिक्षण द्यावे.

आणि आपल्या घरापासून आरंभ करावा. पक्षाच्या सभासदयाद्या आणि साप्ताहिकाचे अंक एखाद्या कंपनीच्या बंद फॉन्टात न अडकवता युनिकोडमध्ये ठेवावेत, म्हणजे ते उद्याच्या कोणत्याही साधनाला वाचता येतील. प्रत्येक तालुक्यात दोन तरुण साथींनी हे काम शिकून घ्यावे आणि त्यांचा वेळ हा पक्षकार्याचा वेळ मानला जावा. सामाईक वस्तू कोणाच्या तरी पदरमोडीवर टिकवणे हा त्यागाचा गौरव नाही, संघटनेची उणीव आहे. ती भरून काढण्याचा ठराव या अभ्यासवर्गाने करावा, एवढीच माझी सूचना आहे.