अडगळींतला संगणक आणि मुके झालेले खेळ

घरांतील अडगळ बहुधा निरुपयोगीच समजली जाते. परंतु कालबाह्य ठरलेलें एक यंत्र दुसऱ्या कालबाह्य यंत्राच्या खेळांना पुन्हा वाचा देऊं शकतें, याचें उत्तम उदाहरण म्हणजे ‘रास्पबेरी पाय’ हा एका फळीचा संगणक होय.

इंग्लंडांतील केंब्रिज येथें एबेन अप्टन व त्यांचे सहकारी यांनीं तो सिद्ध केला, आणि २९ फेब्रुवारी २०१२ रोजीं तो विक्रीस आला. मुलांना संगणक वापरतां येतो, पण त्याच्यासाठीं आज्ञावली लिहितां येत नाहीं, ही उणीव त्यांना भरून काढावयाची होती. म्हणून खेळावयाच्या पत्त्याएवढ्या फळीवर सारा संगणक बसवून त्याची किंमत अवघी ३५ डॉलर ठेवण्यांत आली. पुढें अधिक वेगवान फळ्या निघाल्या, आणि पहिल्या फळ्या टेबलाच्या खणांत जाऊन पडल्या.

अशा पहिल्या फळीवर, १९८३ सालीं जपानांत निघालेल्या निन्टेंडोच्या ‘फॅमिकॉम’ यंत्राचे खेळ चालवितां येतात. त्या यंत्राची कामाची स्मृति २ किलोबाइट, तर या फळीची २५६ मेगाबाइट. मग एवढें बळ कशाला? तर जुना खेळ आपल्याच यंत्राची भाषा बोलतो. ती नव्या यंत्रास कळत नाहीं. तेथें ‘एम्युलेटर’ नांवाचा दुभाषी बसवावा लागतो. तो प्रत्येक आज्ञेचा अर्थ लावतो, आणि चित्र व ध्वनि यांचा मेळही क्षणोक्षणीं जुळवितो. या दुहेरी श्रमांत सारा वेग खर्चीं पडतो. म्हणूनच १९९६ सालच्या ‘निन्टेंडो ६४’चे खेळ या फळीवर अडखळतात.

कृति साधी आहे. दुसऱ्या संगणकावरून ‘रेट्रोपाय’ ही विनामूल्य प्रणाली मेमरी कार्डावर उतरवावी, कार्ड फळींत घालावें, गेमपॅड व दूरचित्रवाणी संच जोडावा आणि ५ व्होल्टचा वीजपुरवठा द्यावा. पहिल्या फळीवर पिवळी खोबण असल्यामुळें जुना काचनळीचा संचही चालतो. खेळ संपतांच एकदम वीज मात्र तोडूं नये. कार्डावरील लेखन बिघडण्याचा संभव असतो.

खरा प्रश्न आहे तो खेळ आणावयाचे कोठून, हा. रेट्रोपाय व्यापारी खेळ देत नाहीं, कारण त्यांवर इतरांचा कायदेशीर हक्क आहे. परंतु ‘व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन’च्या २०२३ सालच्या पाहणींत असें आढळलें कीं, अमेरिकेंत २०१० पूर्वीं निघालेल्या खेळांपैकीं ८७ टक्के बाजारांत मिळतच नाहींत. विकत मिळत नाहीं, आणि फुकट उतरवून घेणें गैर, अशा कात्रींत हा वारसा सांपडला आहे. कर्त्यांनीं स्वखुषीनें मुक्त केलेले, अथवा जुन्या यंत्रांसाठीं आज हौसेनें नव्यानें लिहिले जाणारे खेळ निवडणें, हा मार्ग अरुंद खरा, परंतु निष्कलंक आहे.

आणि खेळतां खेळतां एखाद्या मुलानें, “हा दुभाषी लिहितात तरी कसा?” असें विचारलें, तर खणांत पडलेल्या त्या फळीनें केंब्रिजचा मूळ हेतु, उशिरां का होईना, सिद्धीस नेला, असेंच म्हणावें लागेल.