ललिताजींचे खरे नाव
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



भाषणाचा मला सराव नाही. चिटणीसबाईंनी गळ घातली म्हणून उभी राहिले आहे. तेव्हा चुकले-माकले तर सांभाळून घ्यावे.

गेल्या काही वर्षांत आपण अनेक मोठ्या नट्यांविषयी ऐकले. आज मी जिच्याविषयी बोलणार आहे, तिचा चेहरा आपणा सर्वांना ठाऊक आहे, नाव मात्र क्वचितच कोणाला. सर्फच्या जाहिरातीतल्या ललिताजी! स्वस्त वस्तू वेगळी आणि चांगली वस्तू वेगळी, हे पदर खोचून ठणकावणाऱ्या. निरमाच्या स्वस्त पुडीला उत्तर म्हणून ॲलेक पदमसी यांनी हे पात्र उभे केले होते. (आमच्या घरी मात्र निरमाच येत असे. महिनाअखेरीचा हिशेब ललिताजींना कोठून कळणार!)

त्या बाईंचे नाव कविता चौधरी. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात त्या शिकल्या. १९८९ साली दूरदर्शनवर त्यांची 'उडान' ही मालिका सुरू झाली. लेखन त्यांचे, दिग्दर्शन त्यांचे आणि कल्याणी सिंग ही नायिकाही त्याच. आपले विक्रम गोखलेही त्या मालिकेत होते. ही कथा त्यांनी घरातूनच उचलली होती. त्यांची थोरली बहीण कांचन चौधरी १९७३ च्या तुकडीतील पोलीस अधिकारी. किरण बेदींच्या पाठोपाठच त्या सेवेत आल्या आणि २००४ मध्ये उत्तराखंडच्या पोलीस महासंचालक झाल्या. त्या पदावर पोचलेल्या देशातील पहिल्याच स्त्री!

तोवर पडद्यावरची बाई एकतर सोशीक, नाहीतर कजाग. कल्याणी यांपैकी कोणीच नव्हती. ती अभ्यास करी, चुके, रडे आणि पुन्हा पुस्तक उघडी. गणवेश चढवल्यावरही ती घरची मुलगीच राहिली. माझी धाकटी नणंद तेव्हा मॅट्रिक होऊन घरी बसली होती. स्थळे पाहणे चालू होते. 'उडान' लागले की ती हातातले काम टाकून येई. पुढे एके दिवशी तिने सासऱ्यांपाशी कॉलेजचा विषय काढला. ते "बघू" म्हणाले. त्या घरात "बघू" म्हणजे निम्मा होकारच! ती पदवीधर झाली. पोलीस मात्र झाली नाही, बँकेत लागली.

कविताबाईंनी पुढे 'युअर ऑनर' ही मालिकाही केली, पण पडद्यावर त्या फारशा दिसल्या नाहीत. कां, ते मी सांगणार नाही. दुसऱ्याच्या आयुष्याचा अंदाज बांधणे मला रुचत नाही. १५ फेब्रुवारी २०२४ रोजी अमृतसरला त्यांचे निधन झाले.

ती बातमी आली त्या शनिवारी मंडळाच्या वहीत श्रद्धांजलीचा ठराव मीच लिहिला होता, "ललिताजी यांस" असा. रात्री नणंदेचा फोन आला. ती म्हणाली, "वहिनी, आपली कल्याणी गेली गं." दुसऱ्या दिवशी मी किल्ली मागून घेतली, कपाट उघडले आणि ते नाव खोडून वर कविता चौधरी असे लिहिले. ती खाडाखोड वहीत अजून आहे.