वय कागदावरचे आणि अंगावरचे
(संस्थेच्या कार्यक्रमातील भाषण)



दर नोव्हेंबरात आमच्या बँकेत पेन्शनर हयातीचा दाखला देण्यास येतात. अनेकांची जन्मतारीख एकच, १ जून! शाळेत नाव घालताना गुरुजींनी लिहिलेली.

मग अभ्यासक म्हातारपण मोजतात कसे? मुंबईतील देवनारच्या आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्थेने २०१७-१८ मध्ये देशभर पाहणी केली. पंचेचाळिशी ओलांडलेली माणसे व त्यांचे जोडीदार मिळून ७२ हजारांहून अधिक लोकांना भेटले. हाताची पकड किती, ठराविक अंतर चालण्यास वेळ किती, ऐकलेल्या शब्दांपैकी किती आठवतात, हे तपासले. कमाई आणि घरची परिस्थितीही विचारली. काही वर्षांनी पुन्हा त्याच माणसांकडे जायचे, अशी योजना आहे. कारण साठीचे दोघे सारखे म्हातारे नसतात. जन्मभर हमाली करणाऱ्याचे गुडघे आधी थकतात.

जन्मसाल ठाऊक नसेल, तर अभ्यासक मोठ्या घटनांवरून वय काढतात. बाबासाहेब १९३७ साली लळिंगला आले, १९५६ ची धम्मदीक्षा, १९७२ चा दुष्काळ. तेव्हा तुम्ही केवढे होता? माझी आई दीक्षेच्या साली धाकट्या भावाला कडेवर घेई, म्हणजे सात-आठ वर्षांची. कागदावर मात्र ती तेव्हा तीन वर्षांची! ज्येष्ठांच्या सवलती तिला तितक्याच उशिरा मिळाल्या.

विद्यार्थी मित्रहो, आजी-आजोबांना हे प्रश्न आजच विचारा आणि वहीत उतरवून ठेवा. उद्या सांगणारे कोणी नसेल.

जयभीम!