पतंगाचा निरोप



जनावर बोलते का, असे कोणी विचारले तर आपण हसू. बैलाने जू घेताना मान चुकवली, की खांदा सुजला हे आपण ओळखतो. टिटवी ओरडली, की धुऱ्यावर कोणी आले हे कळते. पण आपली पऱ्हाटी पोखरणाऱ्या जिवाचे बोलणे आपण ऐकले नाही. ते कानाने ऐकायचे नाहीच. ते वासाचे आहे.

शेंदरी बोंडअळीची मादी पतंग रात्री अंगातून वास सोडते. ‘मी इथे आहे’ एवढाच निरोप. नर तो मिशांनी टिपतो आणि वाऱ्याला तोंड देत येतो. दुसऱ्या जातीचा वास वेगळा. अमेरिकन बोंडअळीचा नर या निरोपाला भुलत नाही. जर्मनीच्या बुटेनांट यांनी 1959 साली रेशमाच्या पतंगाचा वास उलगडला, त्यासाठी सुमारे 5 लाख माद्या लागल्या. शेंदरी बोंडअळीचा वास 1973 साली कळला. तोच आज कामगंध सापळ्याच्या गोळीत असतो.

मग तो आपण वाचतो का? हेक्टरी 5 सापळे लावायचे, रोज सकाळी पतंग मोजायचे. सलग 3 रात्री सापळ्यामागे 8 पतंग आले, की उपायाची वेळ झाली. त्याआधी दुकानदार म्हणतो म्हणून फवारले, तर पैसा मातीत आणि जीव धोक्यात. 2017 साली बोंडअळीने कापूस खाल्ला, त्याच हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारताना विषबाधा होऊन आपली माणसे गेली.

सापळ्याने अळी संपते, असे आम्ही म्हणत नाही. त्यात फक्त नर अडकतो. शिवारभर तोच वास पसरवला, तर नराला मादी सापडत नाही. पण एकट्याच्या दोन एकरांत हे साधत नाही. शेजारच्या शेतात फळलेली मादी आपल्याकडे येऊन अंडी घालते. अमेरिकेने 2018 साली आपल्या कापूसपट्ट्यातून ही अळी संपल्याचे जाहीर केले. तिथे बीटी बियाणे, वांझ केलेले पतंग आणि हा वास अशी जोड होती, आणि पट्ट्यातले शेतकरी एकत्र होते.

म्हणून गावोगाव ठरवू या: पेरणीनंतर दीड महिन्याने सापळे, फरदड बंद, आणि गावाची एक वही. रोजचा आकडा तिच्यात लिहायचा. फवारायचे केव्हा, हे त्या वहीवरून आपण ठरवू. उद्या पंचनाम्याला कोणी आले, तर तीच वही पुढे ठेवू.